लोन झालं नाही म्हणून टोकन परत मागायचं? मला पटत नाही

घोडबंदरकर
कासारवडवलीच्या आमच्या सोसायटीत यावरून दोन तट पडलेत. एका सभासदाने फ्लॅट विकायला काढला. 90 लाखांना सौदा ठरला, पाच लाख टोकन आलं. पावतीवर लिहिलंय की खरेदीदाराने माघार घेतल्यास रक्कम परत मिळणार नाही. दोन महिने थांबल्यावर बँकेने खरेदीदाराचं लोन नाकारलं. आता तो म्हणतो, माघार मी कुठे घेतली, बँकेने घेतली, पैसे द्या.
का द्यायचे? या काळात आलेली गिऱ्हाइकं त्या सभासदाने परत पाठवली. स्वतःच्या पुढच्या घराचं टोकनही त्याचं अडकलंय. आपल्याला किती लोन बसतं हे घर बघायला निघण्याआधी तपासायला काय होतं?

नेरूळची मेधा
लोन कशावरून नाकारलं ते सांगितलंच नाहीत, काका. सगळं त्यावर आहे. आमच्याकडे नवी मुंबईत सिडको या सरकारी कंपनीची लीजची, म्हणजे भाडेपट्ट्याची जमीन. मधल्या मालकाने सिडकोकडे ट्रान्सफरच केलेलं नसतं, इमारतीला ओसी, म्हणजे भोगवटा प्रमाणपत्र नसतं, जुन्या अ‍ॅग्रीमेंटची साखळी तुटलेली असते. बँकेचा वकील फाइल बघतो आणि परत पाठवतो. तिथे विकणाऱ्याने टोकन दाबून ठेवणं म्हणजे चोराच्या उलट्या बोंबा.

घोडबंदरकर
ठाण्यात सिडको कुठून आली? सिबिलमुळे, म्हणजे कर्जफेडीच्या खराब स्कोअरमुळे नाकारलं असं एजंट म्हणतो.

मेधा
एजंट म्हणतो! बँकेचं पत्र बघितलंत का?

कोर्टनाक्यावरचा
वकिली करतो म्हणून थोडं. करार कायद्याच्या कलम 74 प्रमाणे कागदावर आकडा लिहिलाय म्हणून तो सगळा आपोआप पदरात पडत नाही. तो कमाल मर्यादा, त्याच्या आत वाजवी भरपाई. 2015 च्या कैलाशनाथ निकालात सर्वोच्च न्यायालयाने बयाणा म्हणजे टोकन जप्तीलाही हे कलम लावलं आणि नुकसान झालं असेल तरच भरपाई, असं म्हटलं. उलट बाजूही ऐका. 2012 च्या सतीश बत्रा प्रकरणात 70 लाखांच्या सौद्यातले सात लाख बयाणा म्हणून विक्रेत्याकडेच राहिले. 2025 मध्ये बेंगळुरूच्या एका व्यवहारात 55.5 लाखांपैकी 20 लाख गेले, कारण खरेदीदाराने मुदतीत उरलेली रक्कम भरली नव्हती. त्यामुळे ‘मला मिळणारच’ असं दोघांनीही छाती ठोकून सांगू नये. पावतीत लोनबद्दल एक ओळ असती तर हा वादच नव्हता.

कळव्याचा पक्या
पण बिल्डरांवर लक्ष ठेवणाऱ्या महारेरात दोन टक्क्यांच्या वर कापताच येत नाही ना?

कोर्टनाक्यावरचा
ते बिल्डरकडच्या बुकिंगला. महारेराच्या अलॉटमेंट लेटरच्या नमुन्यात पहिल्या 15 दिवसांत रद्द केलं तर काही कापायचं नाही, 30 दिवसांपर्यंत घराच्या किमतीच्या 1 टक्का, 60 पर्यंत दीड आणि पुढे 2. दोन माणसांमधल्या रिसेलला रेरा लागू नाही.

पक्या
म्हणजे शंभर फ्लॅटवाल्या बिल्डरने दोन टक्के कापायचे आणि साध्या माणसाने पाचशे टक्के चेपायचं. भारी न्याय आहे!

घोडबंदरकर
पक्या, हिशेब नीट कर, 90 लाखांत पाच म्हणजे साडेपाच टक्के. आणि बिल्डरचं एक गिऱ्हाईक गेलं तर दुसरं रांगेत असतं. इथे माणसाचं एकच घर आहे, तेच विकून त्याला दुसरं घ्यायचंय.

मेधा
मेट्रो 4 मुळे घोडबंदरला भाव चढले हे तुम्हीच सगळीकडे सांगत असता. मग तो फ्लॅट आता 90 च्या वरच जाईल. नुकसान कुठलं? पुढच्या घराचं टोकन खरंच बुडलं असेल तर त्याची पावती दाखवा, तेवढं कापा. एजंटला काही दिलं असेल तर तेही. बाकीचं परत करा. माणूस भाड्याच्या घरात राहून पैसे साठवतो, त्याचे पाच लाख हे तुमच्या मनस्तापाचं बिल नाही.

घोडबंदरकर
मनस्ताप मोजायचाच नाही का?

मेधा
मोजा. पाच लाखांना मोजू नका.

आकडेमोड्या
कोणी कराचं बोललंच नाही. जप्त केलेला अ‍ॅडव्हान्स विक्रेत्याच्या ‘इतर उत्पन्ना’त धरतात आणि त्याच्या स्लॅबने कर लागतो. सगळे पाच घरात येतील या भ्रमात राहू नका. हे पैसे चेकने आले होते ना?

घोडबंदरकर
तीन चेकने. दोन रोख.

आकडेमोड्या
आणि पावती?

घोडबंदरकर
तीनची.

आकडेमोड्या
अरे देवा. घराच्या व्यवहारात 20 हजार किंवा त्याहून जास्त अ‍ॅडव्हान्स रोखीत घेता येत नाही, 2015 पासून. व्यवहार मोडला तरी सुटका नाही आणि दंड घेणाऱ्याला, घेतली तेवढ्याच रकमेचा होऊ शकतो. हा माणूस कोर्टात जाऊन काय सांगणार?

मेधा
म्हणजे खरेदीदाराचे दोन लाख कागदावर नाहीतच. जप्तीचं कलम कागदावरच्या तीनला. मग त्या दोनवर कुठल्या तोंडाने हक्क सांगताय, काका?

घोडबंदरकर
रोखीचे दोन परत जावेत, हे मीही म्हणेन. तीनचं मात्र मी मागे घेत नाही. सिबिल खराब असताना सौदा करणाऱ्याला फुकट सोडायचं नाही.

मेधा
आधी बँकेचं पत्र मागवा. त्यात ओसी किंवा जुन्या कागदांचं कारण निघालं, तर तीनही परत जातील.