मदत हवी आहे: नायट्रोजनच्या टाकीतली लपलेली इजा कशी शोधतात?

नववीच्या मुलांना स्पेसएक्स कंपनीच्या स्टारशिप या महाकाय रॉकेटबद्दल सांगायचंय, पण एका जागी अडलोय. १८ जून २०२५ ला टेक्सासमध्ये इंजिन चाचणीच्या तयारीत यान क्रमांक ३६ (म्हणजे रॉकेटचा वरचा टप्पा) स्टँडवरच फुटलं. स्पेसएक्सच्या मते, बहुधा टोकाजवळच्या नायट्रोजनच्या टाकीला झालेली इजा तपासणीत सुटली. अशा टाकीला सहसा आत धातूचं पातळ अस्तर, वरून राळेत भिजवलेल्या कार्बन धाग्यांचे वेढे, आणि पोटात प्रचंड दाब. आधीच्या तिन्ही उड्डाणांत वरचा टप्पा हातचा गेला होता. तरी २६ ऑगस्टला दहावं उड्डाण पार पडलं, याचं मला फार कौतुक आहे!

पण धाग्यांखालची इजा वरून दिसत नसेल, तर टाकी बसवण्याआधी ती पकडतात कशी? अल्ट्रासाउंडने, की नुसता दाब देऊन? या क्षेत्रातल्या कुणी सोप्या भाषेत सांगाल का? आकृती असेल तर फारच उत्तम.