लॉकडाऊन, ओटीटी आणि आमचा दशावतार
लॉकडाऊनमध्ये सगळ्यांनी ओटीटीच पाहिलं, असं अनेकजण म्हणतात. शहरांपुरतं खरं असेल, कोकणात चित्र वेगळं होतं. २८ मार्च २०२० पासून दूरदर्शनवर 'रामायण' पुन्हा लागलं, ते घराघरांत पाहिलं गेलं. पुढे ३ जूनला 'निसर्ग' वादळ आलं आणि श्रीवर्धन, दापोली, मंडणगडकडे कित्येक दिवस वीजच नव्हती. तिथे कसलं ओटीटी!

मला खरी काळजी वाटते ती दशावताराची, म्हणजे आमच्या कोकणातल्या लोकनाट्याची. त्रिपुरी पौर्णिमेच्या सुमारास जत्रा सुरू होतात आणि पावसाळ्यापर्यंत सिंधुदुर्गातल्या मंडळ्या गावोगाव रात्री जागवतात. टाळेबंदी ऐन हंगामात आली. ज्यांचं पोट नाटकांच्या नाईटवर, म्हणजे दर प्रयोगाच्या मानधनावर, त्यांची कमाई एका फटक्यात थांबली. मग काही मंडळ्यांनी प्रेक्षकांविना नाटकं करून ती यूट्यूब-फेसबुकवर दाखवली, आणि मुंबईतल्या चाकरमान्यांनी ती आवडीने पाहिली. हे मोठंच काम झालं. पण दशावतारात लिखित संहिता नसते, संवाद नट जागेवर रचतो, समोरची दाद बघून प्रसंग फुलवतो. मोबाईलच्या कॅमेऱ्याकडून ती दाद कुठून मिळणार? म्हणून ऑनलाइन प्रयोग जरूर बघा, पण जत्रेला गावी असाल तर रात्रभर बसा आणि आवडलेल्या नटाला हातात बक्षीस द्या.