गोवा : गावच्या जमिनीचा झोन बदलताना गावाला विचारायचे की नाही?

खाजनकाठ : गोव्यात सध्या एकेका सर्व्हे नंबरचा झोन, म्हणजे ती जमीन कशासाठी वापरायची हे ठरवणारा वर्ग, बदलतो आणि गावाला ते वर्तमानपत्रातल्या नोटिशीतून कळते. मला हे मुळीच मान्य नाही. २०११ सालापर्यंतचा प्रादेशिक आराखडा लोक रस्त्यावर उतरल्यामुळे २००७ मध्ये रद्द झाला. २०२१ पर्यंतच्या आराखड्याच्या वेळी म्हणूनच वास्तुविशारद चार्ल्स कोरिया यांच्या कार्यदलाच्या मसुद्याचे नकाशे पंचायतींकडे आले. शेत कुठे, तळे कुठे, हे लोकांनी स्वतः सांगितले. मग २०२३ मध्ये नगरनियोजन कायद्यात १७(२) हे कलम आले, आराखड्यातल्या नजरचुका सुधारण्यासाठी. त्याचे नियम उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठाने मार्च २०२५ मध्ये रद्दबातल ठरवले, पण तोवर झोन बदलण्याचे ३९अ हे कलम येऊन बसले होते. मालकाने अर्ज करायचा, हरकतींना ३० दिवस, मग नगरनियोजन मंडळ आणि सरकार. यात ग्रामसभा कुठेच नाही.

भाटातलं घर : आराखड्यात चुका नव्हत्याच, असे म्हणायचे आहे का? आमचे आजोबांच्या वेळचे घर ऑर्चर्डमध्ये, म्हणजे बागायतीच्या झोनमध्ये दाखवले आहे. घरपट्टी भरतो, एक-चौदाच्या, म्हणजे जमिनीच्या, उताऱ्यावर नाव आहे. धाकट्या भावाला मागे दोन खोल्या काढायच्या आहेत. झोन ऑर्चर्ड म्हणून सनद (बिगरशेती वापराची परवानगी) नाही, सनद नाही म्हणून पंचायतीचा परवाना नाही. फार्महाउस दाखवायचे तर ४,००० चौरस मीटर जमीन लागते. आमच्यासारख्याने ती कुठून आणायची? ३९अ नको म्हणता, तर आम्ही कुठल्या दारात उभे राहायचे?

खाजनकाठ : तुमची अडचण खरी आहे आणि ती सुटलीच पाहिजे. पण जुन्या सर्वेक्षणाच्या नकाशावर दिसणारे घर आणि झाडांनी भरलेला डोंगरउतार, दोघांना एकच अर्ज कसा? खाजनाचे, म्हणजे खाडीकाठच्या बांध घातलेल्या जमिनीचे, उदाहरण घ्या. बांध आणि मानस (बांधातले पाण्याचे दार) सगळ्या शेतांचे मिळून असतात. भरतीला मानशीची दारे मिटतात, ओहोटीला आतले पाणी बाहेर जाते. मधल्या एकाने मातीचा भराव टाकला की पावसाचे पाणी शेजाऱ्याच्या भातात तुंबते. उतारा एकाचा असला तरी नुकसान सगळ्या वाड्याचे, म्हणजे वस्तीचे होते. म्हणून तिथे मालकाच्या अर्जावर निर्णय होऊच नये.

माजी पंच : पंचायतीत बसून पाहिलेले सांगतो. बांधकामाची फाइल आमच्यापुढे येते तेव्हा झोन, सनद, तांत्रिक मंजुरी सगळे वरून झालेले असते. ग्रामसभेने विरोधाचा ठराव घेतला तरी नकाराला कायद्यात बसणारे कारण सापडत नाही, आणि नाकारले तर बिल्डर अपिलात जातो. पुढे कचरा आणि पाण्याची ओरड मात्र पंचायतीच्याच दारात. लोक शिव्या पंचाला देतात. विचारायचे तर झोन बदलण्याआधी विचारा, परवान्याच्या वेळी नव्हे.

मुंडकाराची लेक : ग्रामसभेवर एवढा विश्वास मला ठेवता येत नाही. आमच्या वाड्यावर मुंडकाराच्या (दुसऱ्याच्या जमिनीवर घर असलेल्याच्या) घराची साधी दुरुस्ती निघाली तरी भाटकाराची, म्हणजे जमीनमालकाची माणसे हरकत घेऊन उभी राहतात. सभेला येणारे मूठभर, त्यात स्वतःचा बंगला आधीच बांधून झालेले कितीतरी. त्यांच्या हात वर करण्यावर माझ्या घराचे ठरणार असेल तर मला पणजीतला अधिकारी परवडला. त्याच्याविरुद्ध निदान कोर्टात तरी जाता येते.

खाजनकाठ : हे पटले. राहते घर ग्रामसभेच्या मतावर टांगता कामा नये. मग असे करू या : जुन्या नकाशावर घर असेल, तर घर आणि अंगणापुरती दुरुस्ती ठरलेल्या मुदतीत, मतदान न घेता. खाजन, भातशेत, डोंगरउतार यांना मात्र ग्रामसभेच्या संमतीशिवाय हात लावायचा नाही, अर्जदार कोणीही असो.

भाटातलं घर : पहिल्या भागावर आज सही करतो. दुसऱ्यात भातशेत आणि खाजन मान्य. पण डोंगरउतार सरसकट घातलात तर उतारावरचे आमचे अख्खे भाट (बागायत) त्यात जाते. उद्या भावंडांत वाटणी झाली, तर ज्याच्या वाट्याला घर नाही त्याने काय करायचे, ते सांगा.