क्लेअरव्हॉयन्सने माझ्या गढीचा पार बाजार उठवलाय. काय करू?

खाडीपलीकडे:
नमस्कार मंडळी. डोंबिवलीत आम्ही पाच जण रविवारी डी अँड डी (डंजन्स अँड ड्रॅगन्स, पात्रं घेऊन खेळायचा गोष्टीचा खेळ) खेळतो, 2014 च्या नियमांनी. डीएम, म्हणजे गोष्ट चालवणारा, मी. नियम इंग्रजीत, भांडणं मराठीत.

सध्या एका सरदाराची गढी चालू आहे. आत कोणीतरी फितूर आहे, तो शोधायचा. मी नकाशा काढला, चोरवाट ठेवली, मुदपाकखान्यातल्या बाईला सगळी गुपितं दिली. आणि आमचा विझार्ड, म्हणजे जादूगाराचं पात्र खेळणारा माझा मावसभाऊ, पाचव्या लेव्हलला पोचून क्लेअरव्हॉयन्स, म्हणजे दूरचं बघायचं-ऐकायचं स्पेल (मंत्र), घेऊन बसला. गढीबाहेरच्या चिंचेखाली बसतो, काचेचा डोळा काढतो आणि विचारतो, "खलबतखान्यात काय चाललंय?" मी सांगतो. फितूर कोण, किल्ली कुठल्या खुंटीला, पहारेकरी किती, सगळं कळलं. चोराचं पात्र खेळणारा पोरगा मोबाईलमध्ये डोकं घालून बसला होता. त्याला करायला उरलंच काय?

भिंती जाड आहेत म्हणून स्पेल चालणार नाही म्हणावं, तर नियमात तसं कुठे नाही. फसवाफसवी न करता याला आवर कसा घालायचा?

गपगुमान:
बंदी घाला. विषय संपला. आमच्याकडे उडणंसुद्धा बंद आहे.

वीसपैलू:
बंदी कशाला? पोराने दुसरं काहीतरी सोडून हे स्पेल घेतलंय, वापरू दे की. पण खाडीपलीकडे, एक सांग, तुझ्या भावाने तो खलबतखाना कधी पाहिलाय का? स्पेलचा अदृश्य डोळा ठेवायची जागा एकतर आधी पाहिलेली हवी, नाहीतर उघड समजेल अशी. उदाहरणंही नियमातच दिलीत: दाराच्या मागे, कोपऱ्यापलीकडे, झाडांच्या राईत. "जिथे कट शिजतोय तिथे" ही जागा नव्हे. त्याने "त्या निळ्या दाराच्या मागे" म्हणावं आणि तू निळ्या दारामागे जे असेल ते दाखवावंस. ज्वारीची पोती असतील तर पोती. आणि अंतर जास्तीत जास्त एक मैल, म्हणजे साधारण 1.6 किलोमीटर. चिंच जवळ आहे, ते सोड.

आता मुख्य गोष्ट. एका वेळी बघणं किंवा ऐकणं, दोन्ही नाही. बदलायचं तर एक अॅक्शन, म्हणजे त्या वेळची एक खेळी, जाते. हा नियम डीएम लोक हमखास विसरतात आणि सिनेमा दाखवल्यासारखं सांगत सुटतात. माझ्या टेबलावरचं सांगते. विझार्डने बघणं निवडलं होतं. मी म्हटलं: पाठमोरा माणूस मोहरा मोजतोय, अर्धा ढीग समोर सरकवतो, समोरची बाई त्यावर पंचा टाकते आणि मान हलवते. होकार की नकार, कळत नाही. मग त्याने ऐकण्यावर घेतलं. चित्र गेलं. भांड्याचा आवाज आणि बाईचे दोन शब्द, "उद्या नको." बस. लाच? उसने? हुंडा? चहा गार झाला तरी वाद मिटेना, शेवटी चोरालाच आत पाठवलं. तुझ्या चोरवाल्या पोरालाही असंच काम मिळेल की नाही?

म्हणजे दिसू दे. खरं तेच दाखव. अर्थ मात्र तू सांगू नकोस. "फितूर दिसतोय" हे वाक्य डीएमच्या तोंडून निघताच कामा नये.

शिवाय हे तिसऱ्या पातळीचं स्पेल, आणि पाचव्या लेव्हलला त्या पातळीचे स्लॉट, म्हणजे दिवसभरात स्पेल टाकायच्या संधी, दोनच. दिवसातून एकदा, छोट्या विश्रांतीत, अजून एक परत मिळवता येतो. तेवढ्यातच फायरबॉल हे आगीचं स्पेलही बसवायचंय. सकाळी दोनदा डोकावला की दुपारी गढीत हात चोळत बस. आणि टाकायलाच दहा मिनिटं लागतात, तीही तोंडाने मंत्र म्हणत. चिंचेखालून गस्त जात नाही का तुझ्याकडे? लक्ष मोडलं तर स्लॉट वाया जात नाही, तेव्हा जीवावर उठल्यासारखं वाटायचं कारण नाही.

पारावरचा:
थोडं अवांतर. दूरदृष्टी म्हटलं की आपल्याला संजय आठवतो, हस्तिनापुरात बसून धावतं वर्णन करणारा. पण भीष्मपर्वात तो रणांगणावरून येऊन भीष्म पडल्याची बातमी आधी देतो, मग धृतराष्ट्र विचारतो तेव्हा पहिल्यापासून सांगतो. आणि व्यासांनी दृष्टी आधी धृतराष्ट्रालाच देऊ केली होती. तो म्हणाला, आप्तांचा वध बघायचा नाही, ऐकेन. दुर्योधन गेल्यावर संजयाची दृष्टीही गेली, ते सौप्तिकपर्वात आहे.

आमच्या कोकणात पायाळू, म्हणजे पायाकडून जन्मलेल्या, माणसाच्या डोळ्यात अंजन घातलं की पुरलेलं धन दिसतं म्हणायचे. हंडा सापडलेला एकही मला भेटला नाही. पण तुमच्या सरदाराने असा एक पायाळू पदरी ठेवला तर?

वीसपैलू:
पारावरचे काका, झकास! खाडीपलीकडे, त्या पायाळूला सी इनव्हिजिबिलिटी, म्हणजे अदृश्य गोष्टी बघायचं स्पेल, दे. त्याला भावाचा डोळा मुठीएवढा चमकता गोळा दिसेल. गोळ्याला कोणी हात लावू शकत नाही, मारू शकत नाही. पण सरदार त्याच्यासमोर नाटक तर करू शकतो. निरपराध कारभाऱ्याच्या हातात थैली द्यायची, मोठ्याने हसायचं. हे एकदाच कर हं, रोज केलंस तर तुझ्यावरचा विश्वास उडेल.

खाडीपलीकडे:
भावाचं पात्र माणूस आहे, अंधारात दिसणारा एल्फ नाही. म्हणजे अंधाऱ्या खोलीत त्याला काहीच दिसायला नको! समया विझवतो. अख्ख्या गढीवर प्रायव्हेट सँक्टम, म्हणजे हेरगिरी रोखणारं स्पेल, टाकलं तर?

वीसपैलू:
समया विझव, पण सगळीकडे नको. सरदारांनी अंधारात जेवायचं का? प्रायव्हेट सँक्टम एका खोलीवर ठेव. चौथ्या पातळीचं आहे, चोवीस तास टिकतं, आत डोळा उमटतच नाही. सगळ्या गढीवर टाकलंस तर गपगुमान यांची बंदीच झाली. एकाच खोलीवर असेल तर "तिथेच का दिसत नाही?" हाच धागा त्यांना मिळतो.

आणि सातव्या लेव्हलला त्याला आर्केन आय हे स्पेल घेता येईल. तो डोळा जागेवरून हलवता येतो, तासभर टिकतो, अंधारात तीस फूट बघतो आणि इंचभर भोकातून आत शिरतो. तळघराच्या दाराखालची फट आत्ताच बुजवून घे.