आठवड्यांचे महिने कसे धरायचे? डोहाळजेवण, रजा, माहेर सगळंच अडलंय

शेवंती
३० जुलै २०२६

नमस्कार मंडळी. मी पुण्यात असते, पहिलंच बाळंतपण आहे. शेवटची पाळी १६ मार्चची. परवा मंगळवारी सोनोग्राफी झाली, रिपोर्टवर १९ आठवडे १ दिवस आणि प्रसूतीची तारीख २१ डिसेंबर. बाळ छान आहे, त्याची काळजी नाही. घोळ आहे तो महिन्यांचा.

आई सोलापूरला असते. ती आठवड्यांना सरळ चाराने भागते. २४ आठवडे झाले की सहा महिने भरले, म्हणजे ३१ ऑगस्टला मला सातवा लागणार. सासूबाई गुहागरला. त्यांचा हिशेब पंचांगाचा: चैत्र पहिला, वैशाख दुसरा, अधिक ज्येष्ठ सोडून द्यायचा कारण 'अधिक महिना धरत नाहीत', मग निज ज्येष्ठ तिसरा. असं करत त्यांचा सातवा येतो आश्विनात, ११ ऑक्टोबरच्या घटस्थापनेपासून. दोघींमध्ये जवळजवळ सहा आठवड्यांचं अंतर! मोबाइलमधलं ॲप आणखी तिसरंच काहीतरी दाखवतं.

मला तीन गोष्टी ठरवायच्या आहेत. डोहाळजेवण सातव्यात, आणि ते गणपतीला सगळे गुहागरला जमतात तेव्हाच व्हावं अशी घरच्यांची फार इच्छा आहे. माहेरी कधी जायचं, कारण आई म्हणते आठव्यात प्रवास नको. आणि ऑफिसची रजा २६ आठवड्यांची आहे, ती सगळ्याजणी 'साडेसहा महिने' म्हणून सांगतात. त्यावर पाळणाघराचं ठरणार. दोघींचंही मन मोडायचं नाहीये, पण तारीख तर एकच लागेल ना? कोणी नीट समजावून सांगेल का?

आकडेमोड

चाराने भागू नका. चार आठवडे म्हणजे २८ दिवस, आणि एवढा लहान महिना फक्त फेब्रुवारी. वर्षाचे महिने १२ आणि आठवडे ५२ आहेत, ४८ नाहीत. म्हणून १३ आठवड्यांचे तीन महिने धरायचे. १३, २६, ३९ म्हणजे तीन, सहा, नऊ. मधलं काही हवं असेल तर महिन्याला चार आठवडे आणि वर दोन दिवस. ४० आठवड्यांचे दहा महिने होत नाहीत, नऊ महिने आणि एक आठवडा होतो.

तुमच्या बाबतीत तर भागाकाराचीही गरज नाही. १६ मार्चपासून दर १६ तारखेला नवा महिना लागतो. सातवा १६ सप्टेंबर ते १५ ऑक्टोबर.

माजघर

सासूबाईंचं पंचांग बरोबर आहे, फक्त अधिक महिना गाळायचा नाही. बारा चांद्रमहिन्यांचे ३५४ दिवस होतात, सूर्याचं वर्ष ३६५ चं. ती अकरा दिवसांची तूट साठत जाते आणि साधारण बत्तीस-तेहतीस महिन्यांनी एक महिना जास्तीचा घालून ती भरून काढतात. यंदा तो १७ मे ते १५ जून असा होता. लग्नमुंजी त्यात करत नाहीत, सणवार निज महिन्यात जातात, हे सगळं ठीक. पण ते दिवस खरोखर उजाडले आणि मावळले. पोटातलं बाळ त्या दिवसांत वाढतच होतं.

आता धरून मोजा: चैत्र, वैशाख, अधिक ज्येष्ठ, निज ज्येष्ठ, आषाढ, श्रावण, आणि सातवा भाद्रपद. भाद्रपद लागतो १२ सप्टेंबरला. म्हणजे वरच्या १६ सप्टेंबरात आणि पंचांगात चारच दिवसांचा फरक राहिला. सासूबाईंना हे असं महिन्यांची नावं घेऊन सांगा, त्यांना लगेच पटेल. सुनेने पंचांग मानलं याचा त्यांना आनंदच होईल.

एक लक्षात ठेवा, गणेश चतुर्थी १४ सप्टेंबरला आहे आणि २७ पासून पितृपक्ष. तो थेट सर्वपित्री अमावास्येपर्यंत, १० ऑक्टोबरपर्यंत. त्यात कोणी ओटी भरणार नाही. तेव्हा सातवा महिना कागदावर तीस दिवसांचा असला तरी पितृपक्षाआधी तुमच्या हाती त्यातले जेमतेम अकरा दिवस आहेत.

निवृत्त सिस्टर

शेवंती, मी कराडकडच्या प्राथमिक आरोग्य केंद्रात नोकरी केली. तुझा प्रश्न मला दर आठवड्याच्या तपासणीला कोणी ना कोणी विचारायचंच, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

आमच्याकडे बायका पाळीची तारीख सांगत नसत. 'बेंदराच्या आदल्या दिवशी', 'यात्रा उठली त्या शुक्रवारी' असं सांगत. मग मी भिंतीवरचं कॅलेंडर खाली काढायची, मागची पानं उलटायची, तो दिवस शोधून त्यावर शिसपेन्सिलीने गोल करायची आणि तिथून पुढे त्याच वाराला एकेक बारीक रेघ. सातवी, आठवी, नववी... रेघा मोजल्या की आठवडे झाले, आणि पानं मोजली की महिने. बाईला आणि तिच्या सासूला दोघींना एकदम दिसायचं. तूही हेच कर. १६ मार्च सोमवार होता, म्हणून दर सोमवारी तुझा एक आठवडा भरतो. १९ आठवडे १ दिवस याचा अर्थ १९ पूर्ण झाले, विसावा चालू आहे. घरातल्या बायका 'पाचवा लागला' म्हणतात तेव्हा त्या चालू महिना सांगतात आणि डॉक्टर भरलेले आठवडे सांगतात. अर्धा गोंधळ तिथेच होतो.

दुसरं असं की, हा हिशेब पाळीच्या पहिल्या दिवसापासून आहे. गर्भ राहतो त्यानंतर साधारण दोन आठवड्यांनी. काहीजणी पाळी चुकली तिथून मोजायला लागतात, त्यांचा तर अख्खा महिना मागे पडतो. पाळी अनियमित असेल तर पहिल्या तीन महिन्यांतल्या सोनोग्राफीवरून तारीख धरतात. आणि ती एकदा ठरली की पुढच्या सोनोग्राफीत बाळाच्या मापावरून आठवडे थोडे मागेपुढे दिसले तरी बदलत नाहीत. तुला पुढे रिपोर्टवर वेगळे आठवडे दिसतील, तेव्हा घाबरू नकोस.

आता ज्यासाठी मी लिहायला बसले ते. डोहाळजेवण दोन दिवस इकडेतिकडे झालं तर काही बिघडत नाही. तपासण्या मात्र आठवड्यांवर चालतात, तिथे 'सातव्यात करू' चालत नाही. साखरेची तपासणी २४ ते २८ आठवड्यांच्या दरम्यान करतात. पंचाहत्तर ग्रॅम ग्लुकोज पाण्यातून पाजतात आणि दोन तासांनी रक्त घेतात. तुझे २४ आठवडे ३१ ऑगस्टला भरतात, २८ भरतात २८ सप्टेंबरला. बरोबर त्याच्या मधोमध तू गुहागरला असणार, आणि गौरी-गणपतीत घरात गोडधोड. तेव्हा गावी निघण्याआधी, सप्टेंबरच्या पहिल्या आठवड्यातच पुण्यात ती करून घे. साखर वाढलेली निघाली तर पथ्य लगेच सुरू करता येतं, गरज पडली तर औषधोपचारही. सासूबाईंच्या हिशेबाने सातवा आश्विनात धरून थांबली असतीस तर ही वेळ हातची गेली असती.

'सातव्यातलं मूल जगतं, आठव्यातलं जगत नाही' हे खूप घरांत मानतात. ते खरं नाही. बाळ जितके आठवडे जास्त आत राहील तितकं सशक्त. ३४ आठवड्यांच्या बाळाचं ३० आठवड्यांच्या बाळापेक्षा केव्हाही बरं असतं. ३७ आठवडे भरले की बाळ पुऱ्या दिवसांचं धरतात, तुझे ते ३० नोव्हेंबरला भरतील. आईला समजावून सांग की तुझ्या प्रवासाचं डॉक्टर तुझा रक्तदाब, वार (बाळाची नाळ जिला जोडलेली असते ती) कुठे आहे, पोट दुखतं का हे पाहून ठरवतील. आठव्याचा धसका नको.

आणि घाटातून जाताना दर दीड-दोन तासांनी गाडी थांबवून चार पावलं चालायचं, पाणी प्यायचं. पट्टा पोटाच्या खालून.

हजेरीपट

मी मनुष्यबळ विभागात आहे, म्हणून फक्त रजेचं सांगते. साडेसहा महिने धरून पाळणाघर ठरवू नका. २६ आठवडे म्हणजे १८२ दिवस, पुरते सहा महिने, आणि त्यात रविवार, सणाच्या सुट्ट्या सगळं आलं. मातृत्व लाभ कायद्यातल्या २०१७ च्या दुरुस्तीने पहिल्या दोन मुलांसाठी १२ चे २६ आठवडे झाले, त्यातले जास्तीत जास्त आठ प्रसूतीच्या तारखेआधी घेता येतात. घेतलेच पाहिजेत असं नाही. आधी न घेतलेले नंतर मिळतात.

तुम्ही आठही आधी घेतलेत तर रजा २६ ऑक्टोबरला सुरू होईल आणि २६ एप्रिलला हजर व्हावं लागेल. तेव्हा बाळ जेमतेम चार महिन्यांचं असेल. ३० नोव्हेंबरला सुरू केलीत तर ३१ मेला हजर, बाळ पाच महिन्यांचं. पहिले सहा महिने फक्त आईचं दूध द्यायचं तर हा एक महिना फार मोलाचा आहे. तुमच्या ऑफिसात पन्नास किंवा जास्त माणसं असतील तर पाळणाघराची सोय करणं कायद्याने बंधनकारक आहे, तेही विचारा. आणि अर्जात महिने लिहू नका. 'पासून' आणि 'पर्यंत' अशा दोन तारखा लिहा.

शेवंती

सगळ्यांचे मनापासून आभार. काल सासूबाईंशी फोनवर महिन्यांची नावं घेत घेत मोजलं. अधिक ज्येष्ठावर त्या क्षणभर थांबल्या, मग स्वतःच म्हणाल्या, 'भाद्रपदच येतो गं.' डोहाळजेवण रविवारी २० सप्टेंबरला, गौरी-गणपती उरकल्यावर, गुहागरलाच. २६ आठवडे ६ दिवस होतील. आईच्या हिशेबानेही तो सातवाच आहे, त्यामुळे तीही सोलापूरहून येणार.

साखरेच्या तपासणीची वेळ ३ सप्टेंबरची घेतली. सोलापूरला २४ ऑक्टोबरच्या शनिवारी जाईन म्हणते, डॉक्टर हो म्हणाले तर. रेल्वेचं आरक्षण ६० दिवस आधी उघडतं, तेव्हा ऑगस्टच्या शेवटी काढते. तिथून महिनाभर घरून काम करू देतील का हे ऑफिसला विचारलंय. दिलं तर रजा ३० नोव्हेंबरपासून. सिस्टर, सोलापूरच्या दवाखान्यात नाव केव्हा घालू?

निवृत्त सिस्टर

गेल्या गेल्या, त्याच आठवड्यात. ३३ आठवडे भरायच्या आत त्या डॉक्टरांनी तुला एकदा तपासलेलं हवं, ऐनवेळी अनोळखी नको. पहिल्या सोनोग्राफीपासूनचे सगळे रिपोर्ट आणि रक्तगटाचा कागद एका फाइलमध्ये लाव, पहिल्या पानावर १६ मार्च आणि २१ डिसेंबर या दोन तारखा ठळक लिही. प्रवासात ती फाइल खांद्यावरच्या पिशवीत ठेव, सामानाच्या बॅगेत नको.