विषय: विवाहित बहिणीचा वडिलोपार्जित जमिनीतील हिस्सा

मंडळाच्या सर्व सभासदांस सप्रेम नमस्कार,

माझे लग्न 1990 साली झाले आणि वडील 2003 साली मृत्युपत्र न करता गेले. गावी आजोबांच्या काळापासूनची जिरायत जमीन आहे. सातबारावर भोगवटादार म्हणून भावाचे नाव असून आईचे आणि माझे नाव ‘इतर हक्क’ या रकान्यात आहे. गेल्या आठवड्यात भावाने मुखत्यारपत्राचा मसुदा पाठवला. हिंदू वारसा कायद्यातील राज्याच्या 1994 च्या दुरुस्तीत आधी लग्न झालेल्या मुली बसत नाहीत आणि 2005 चा कायदा आला तेव्हा वडील हयात नव्हते, म्हणून माझा हक्क उरलेला नाही आणि सही हा केवळ उपचार आहे, असे त्याचे म्हणणे आहे. त्याच्याशी माझे वैर नाही. पण हक्कच नसेल तर सही कशाला हवी, हा प्रश्न मनातून जात नाही. जाणकारांनी कृपया मार्गदर्शन करावे.

आपली,
एक सभासद

---

ताई, सप्रेम नमस्कार.

सध्या सही करू नका.

आपल्या भावाचे बोलणे मनगढंत नाही, पण ते जुने झाले आहे. महाराष्ट्राच्या 22 जून 1994 पासून लागू झालेल्या दुरुस्तीने त्याआधी विवाह झालेल्या मुलींना खरोखरच वगळले होते. मात्र 9 सप्टेंबर 2005 पासून अमलात आलेल्या केंद्रीय दुरुस्तीत विवाहित आणि अविवाहित असा भेदच नाही. वडील त्या दिवशी हयात असले पाहिजेत, असे सर्वोच्च न्यायालयाने 2015 साली फुलावती प्रकरणात म्हटले होते. 11 ऑगस्ट 2020 रोजी विनीता शर्मा विरुद्ध राकेश शर्मा या खटल्यात तीन न्यायमूर्तींच्या पीठाने तो निर्णय रद्दबातल ठरवला आणि मुलगी मुलाप्रमाणेच जन्मतः सहदायाद, म्हणजे वडिलोपार्जित मिळकतीची हिस्सेदार, असते, असे स्पष्ट केले. अडचण येते ती मुख्यतः 20 डिसेंबर 2004 पूर्वी नोंदणीकृत दस्ताने किंवा न्यायालयाच्या हुकूमनाम्याने वाटणी झाली असेल तर. ‘तोंडी वाटणी झाली होती’ हे म्हणणे न्यायालय सहसा मानत नाही. त्याला सरकारी कागदपत्रांचा भक्कम आधार लागतो.

आणखी एक गोष्ट, जी घरोघरी विसरली जाते. आपण बोलताना ज्या जमिनीला वडिलोपार्जित म्हणतो, ती कायद्याच्या नजरेत तशी असेलच असे नाही. आजोबा 1956 नंतर वारले आणि जमीन वडिलांकडे वारसाहक्काने आली, तर ती वडिलांची स्वतःची मिळकत ठरू शकते. पण तरीही आपले काही बुडत नाही, कारण मृत्युपत्र न करता गेलेल्या हिंदू पुरुषाच्या मिळकतीत मुलगी ही आई आणि भाऊ यांच्याबरोबरीची पहिल्या वर्गातील वारस आहे, आणि हा हक्क 1956 पासूनच आहे.

‘इतर हक्क’ या रकान्यात नाव गेले म्हणून हिस्सा जात नाही. सातबारा ही महसुलाची नोंद आहे. हिस्सा जातो तो हक्कसोडपत्रासारख्या नोंदणीकृत दस्ताने. म्हणून मुखत्यारपत्रातले प्रत्येक कलम वाचा. ‘हक्क सोडणे’, ‘बक्षीसपत्र करणे’, ‘विक्री करणे’ यांपैकी एखादा अधिकार त्यात दिला असेल, तर पुढची सही आपल्या वतीने दुसराच कोणी करील.

हे मी भाऊ म्हणून लिहितो आहे. आईच्या निधनानंतर मी माझ्या बहिणीकडून असेच हक्कसोडपत्र करून घेतले. दुय्यम निबंधक कार्यालयातील बाकावर बसून तिने पेन हातात घेतले आणि ‘कुठे कुठे करायची?’ एवढेच विचारले. तिच्या लग्नात खर्च झाला आहे, ती सुखात आहे, असे मी स्वतःला सांगत होतो. लग्नाचा खर्च म्हणजे हिस्सा नव्हे, हे मला त्या बाकावर कळायला हवे होते. पुढे मी तिला तिच्या वाट्याची जमीन बक्षीसपत्राने परत दिली.

आपण भावाकडे आजोबांच्या मृत्यूनंतरच्या फेरफाराची (महसूल दप्तरातील नावबदलाच्या नोंदीची) आणि वडिलांच्या वारस नोंदीची प्रत मागा. मागताना भांडणाचा सूर नको. कागद पाहायचे आहेत, एवढेच कळवा.

आपला,
मंडळाचा एक जुना सभासद

---

आदरणीय दादा,

मसुदा पुन्हा वाचला. सातव्या कलमात ‘हक्क सोडणे’ हे शब्द आहेत. काल रात्री भावाला फोन करून दोन्ही फेरफारांच्या प्रती मागितल्या. तो बराच वेळ गप्प राहिला, मग ‘तलाठ्याकडून आणतो’ म्हणाला. प्रती आल्यावर वकिलांना दाखवीन. तोपर्यंत मुखत्यारपत्र माझ्याजवळच राहील.