मात्ती पेल्लोनपॅ: थोर नट की दिग्दर्शकाच्या हातचे बाहुले?

चित्ररसिक:
फिनलंडचा चित्रपट म्हटला की दिग्दर्शक आकी काउरिस्मॅकीपाठोपाठ मात्ती पेल्लोनपॅ (1951–1995) याचे नाव निघते आणि ‘थोर अभिनेता’ हे बिरुद त्याला सरसकट बहाल केले जाते. मला ते पटत नाही. ‘शॅडोज इन पॅराडाइज’मधला (1986) कचरागाडीवरचा निकांडर घ्या, ‘एरियल’मधला (1988) कैदी मिक्कोनेन घ्या, नाहीतर ‘लेनिनग्राड काउबॉइज गो अमेरिका’मधला (1989) बँडचा लबाड मॅनेजर व्लादिमीर, त्या ओघळलेल्या मिशा आणि तो मख्ख चेहरा काही बदलत नाही. काउरिस्मॅकीच्या चित्रपटांत सगळेच नट मोजकी वाक्ये सपाट स्वरात बोलतात. शैली दिग्दर्शकाची असेल, तर तिचे श्रेय नटाच्या पदरात का घालायचे?

नेपथ्य:
‘मख्ख’ हा शेरा घाईचा वाटतो. जिम जार्मुश या अमेरिकी दिग्दर्शकाचा ‘नाइट ऑन अर्थ’ (1991) आठवून पाहावा. त्याच्या शेवटच्या भागात, हिवाळ्यातल्या पहाटे हेलसिंकीत टॅक्सी चालवणारा मिका तीन झिंगलेली गिऱ्हाइके घेतो. त्यांतला एक झोपलेला असतो आणि त्याची नोकरी गेली वगैरे रडगाणे उरलेले दोघे गातात. त्यावर मिका स्वतःची हकिगत सांगतो: मुलगी अपुऱ्या दिवसांची जन्मली, ती जगणार नाही असे डॉक्टरांनी सांगितले, म्हणून पुढचे दुःख टाळण्यासाठी तिला जीव लावायचाच नाही असे बापाने ठरवले; ती तग धरून राहिली तेव्हा नवरा-बायकोने तो निश्चय मोडला आणि इस्पितळ गाठले, तोवर ती गेलेली होती. हे सगळे सांगताना पेल्लोनपॅ आवाज चढवत नाही, डोळेही पुसत नाही. रडतात ते मागे बसलेले. हे मौन काउरिस्मॅकीने शिकवले म्हणावे, तर येथे काउरिस्मॅकी कॅमेऱ्यामागे नव्हताच.

चित्ररसिक:
कॅमेऱ्यामागे नव्हता, पण पडद्यावर होता. चालकाचे नाव मिका आणि झोपलेल्या गिऱ्हाइकाचे आकी, म्हणजे थेट आकी आणि त्याचा दिग्दर्शक भाऊ मिका या काउरिस्मॅकी बंधूंचीच नावे. कारी व्हॅनॅनेन आणि साकारी कुओस्मानेन हे प्रवासीही त्याच गोतावळ्यातले. जार्मुशने मित्राची तयार प्रतिमा उसनी घेतली, एवढाच त्याचा अर्थ.

रंगकर्मी:
तयार प्रतिमा म्हणताना ती तयार कोणी केली, हेही पाहावे. पेल्लोनपॅ 1962 पासून, म्हणजे शाळकरी वयातच, रेडिओवर काम करत होता आणि 1977 मध्ये रीतसर नाट्यशिक्षण पुरे करून बाहेर पडला. काउरिस्मॅकी बंधूंचा जम बसण्यापूर्वीच हा नट घडलेला होता. केवळ आवाजावर प्रसंग पेलण्याची सवय ज्याला लहानपणीच लागली, त्याला चेहरा स्थिर ठेवण्याचे भय वाटणार नाही, असे माझे मत आहे. काउरिस्मॅकीच्या ‘ला व्ही द बोएम’मध्ये (1992) तर त्याने पॅरिसमध्ये कागदपत्रांविना राहणारा अल्बेनियन चित्रकार रोडोल्फो परक्या फ्रेंच भाषेत उभा केला आणि त्यासाठी त्या वर्षीचा सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा युरोपियन चित्रपट पुरस्कार मिळवला.

उलटतपासणी:
पुरस्काराचा दाखला उलटाही फिरतो. त्याच वर्षी, त्याच चित्रपटासाठी सहायक अभिनेत्याचा पुरस्कार आंद्रे विल्म्सला मिळाला. पुढे 2002 मध्ये ‘द मॅन विदाउट अ पास्ट’साठी काती ओउतिनेनला कान महोत्सवात अभिनेत्रीचा सन्मान मिळाला. एकाच दिग्दर्शकाच्या हाताखाली तिघे गौरवले जात असतील, तर दिग्दर्शकाचा वाटा मोठा मानणे भाग आहे. चित्ररसिकांच्या मुद्द्यात तथ्य आहे.

नेपथ्य:
तर मग ‘ड्रिफ्टिंग क्लाउड्स’चे (1996) काय करायचे? त्यातली रेस्टॉरंटच्या हेडवेटरची प्रमुख भूमिका मुळात पेल्लोनपॅसाठी होती. जुलै 1995 मध्ये हृदयविकाराने, वयाच्या अवघ्या 44 व्या वर्षी तो गेला, आणि काउरिस्मॅकीने ती जागा दुसऱ्या नटाला देण्याऐवजी पात्रच स्त्री करून ओउतिनेनला दिले. चित्रपटातल्या जोडप्याच्या गेलेल्या मुलाचे छायाचित्र म्हणून पेल्लोनपॅचेच बालपणीचे छायाचित्र वापरले आहे. बाहुले असते तर दुसरे बाहुले मिळाले असते.

चित्ररसिक:
ही मैत्रीची साक्ष झाली, अभिनयाची नव्हे. मित्राची आठवण जपली म्हणून मित्र थोर नट ठरत नाही. एकाच छापाच्या भूमिकांत त्याने फरक केला असेल, तर तो दाखवून द्यावा.

रंगकर्मी:
निकांडर आणि ‘टेक केअर ऑफ युवर स्कार्फ, तातियाना’मधला (1994) रेइनो शेजारी ठेवावेत. निकांडर सुपरमार्केटमधल्या कॅशियर इलोनाला पहिल्याच भेटीत चक्क बिंगो खेळायला नेतो. प्रेम करायचे आहे, पण रीत ठाऊक नाही, हे पेल्लोनपॅने अवघडलेल्या खांद्यांतून दाखवले आहे. रेइनो याच्या उलट आहे: मोटारीत मित्रापुढे मर्दुमकीचे किस्से रंगवणारा हा व्होडकाबाज मेकॅनिक दोन परक्या बायका मागच्या सीटवर बसताच गप्प होतो. निकांडरला बोलायचे असते आणि जमत नाही. रेइनोला बोलता येते, पण बायकांपुढे त्याची बोबडी वळते. जेमतेम तासाभराच्या त्या चित्रपटाच्या शेवटी तो तातियानाबरोबर एस्टोनियातच राहायचे ठरवतो, तेव्हा त्याचा आवाज सुरुवातीच्या बढाईखोराचा राहिलेला नाही. मिशा दोघांना सारख्याच आहेत, हे मला मान्य आहे.